ज्याला नवस चालत नाही त्याची गोष्ट कशी लिहायची

प्रश्न थोडक्यात असा आला होता: "मी एका कल्पित प्रागैतिहासिक देशात घडणाऱ्या भयकथा लिहितोय. नकाशा तयार आहे, अकरा राजांची वंशावळ तयार आहे, देवांची नावं आहेत. तीन कथा झाल्या, वाचणारे म्हणतात छान आहे, पण भीती वाटत नाही, टीव्हीवरची पौराणिक मालिका बघतोय असं वाटतं. अमेरिकन लेखक क्लार्क ॲश्टन स्मिथच्या हायपरबोरिया या कल्पित देशातल्या कथा वाचल्या, तिथे वंशावळ वगैरे काही नसताना अंगावर काटा येतो. नेमकं काय चुकतंय?"

मी गेली बावीस वर्षं या प्रकारच्या कथा लिहितोय, थोडी भाषांतरं केलीत, आणि नव्या लोकांच्या कथा वाचून त्यावर बोलणं हे तर दर आठवड्याचं काम आहे. तुमची तिसरी कथा मी दोनदा वाचली. चूक नकाशात नाही, नकाशा चांगला आहे. चूक अशी की तुमच्या देवाला तुमच्या नायकात रस आहे. तो त्याला नावाने हाक मारतो, शाप देतो, त्याच्या आजोबांनी केलेल्या पापाचा हिशोब मागतो. तिथेच भीती संपते.

आपण लहानपणापासून जी भुतं ऐकली ती आठवा. मुंजा, हडळ, खवीस, वेताळ, प्रत्येकाला काहीतरी हवंय. कुणाची इच्छा राहिलीय, कुणाला सूड घ्यायचाय, कुणाच्या जागेवर तुम्ही घर बांधलंत. आणि हवंय म्हणूनच प्रत्येकाचा उतारा आहे, नारळ आहे, लिंबू आहे, दहीभात आहे, कुणीतरी जाणतं माणूस आहे जे सांगेल की अमावास्येला तिठ्यावर हे ठेवून ये आणि मागे वळून बघू नकोस. या गोष्टीही घाबरवतात, मी त्यांना कमी लेखत नाही, पण त्यांच्या तळाशी एक मोठा दिलासा आहे की पलीकडच्याशी बोलता येतं, देवाणघेवाण होऊ शकते. तुम्हाला जो प्रकार लिहायचाय, ज्याला लोक कॉस्मिक हॉरर म्हणतात, त्यात हा दिलासाच काढून घेतलेला असतो. समोर जे आहे त्याला नवस चालत नाही. ते दुष्ट नाही, रागावलेलं नाही, त्याला तुम्ही दिसताय की नाही हेही सांगता येत नाही.

हे पटायला स्मिथच्याच एका कथेकडे बघू, सात गीसांची जी आहे ती, 1934 मध्ये विअर्ड टेल्स मासिकात आलेली. गीस म्हणजे मोडता न येणारी आज्ञा, बंधन. हायपरबोरियातल्या कॉमोरियम शहराचा मोठा न्यायाधीश रालिबार वूझ मोठा लवाजमा घेऊन डोंगरात शिकारीला जातो आणि चुकून एका मांत्रिकाच्या विधीत पाय घालतो. मांत्रिक चिडून त्याला बंधन घालतो की जा, डोंगराखाली त्साथोग्वा देव बसलाय त्याला स्वतःला बळी म्हणून दे. इथपर्यंत तुमच्या माझ्या ओळखीची गोष्ट आहे. पण हा माणूस तिथे पोचतो तर देवाचं नुकतंच जेवण झालेलं असतं, भूक नसते, म्हणून तो याला पुढे कोळी-देवाकडे पाठवतो, तो आपलं जाळं विणण्यात गुंतलेला, त्याला वेळ नाही, तो पुढे पाठवतो एका मानवपूर्व जादूगाराकडे, तिथून सर्पमानवांकडे, तिथून आणखी खाली, आणि सगळ्यात तळाशी अबहॉथ, सगळ्या घाणीचा उगम, तो याला चाचपतो आणि याचा उपयोग नाही म्हणून परत वर, बाहेरच्या जगात जा म्हणतो. आणि परत येताना कोळ्याच्या जाळ्याचा पूल तुटतो आणि हा दरीत पडतो. झालं. कुणी मारलं नाही. सहा ठिकाणी एका माणसाला सांगितलं गेलं की तुझा काही उपयोग नाही, आणि शेवटी एक धागा तुटला.

मी ही कथा पहिल्यांदा वाचली तेव्हा हसू आलं होतं, कारण तिची चाल विनोदी आहे हे खरंच. रात्री झोपताना मात्र तो मधला टप्पा आठवला, पोट भरलेला देव. आपण ज्याला आयुष्यभर भ्यायलो त्याला आपण खाण्याइतकेही महत्त्वाचे नाही. तुमच्या कथेत हे एकदाही घडत नाही, तुमचा देव सतत बोलतो.

आता हायपरबोरियाबद्दल जरा सविस्तर, कारण तुम्ही म्हणताय तिथे वंशावळ नाही, ते बरोबर आहे, पण म्हणून तिथे काहीच नाही असं नाही. हे नाव स्मिथचं नाही, ग्रीकांचं आहे. बोरियास म्हणजे उत्तरेचा वारा, त्याच्याही पलीकडे राहणारे ते हायपरबोरियन. ग्रीक इतिहासकार हिरोडोटसच्या चौथ्या पुस्तकात त्यांचा उल्लेख आहे आणि तिथे एक तपशील आहे जो मी प्रत्येक नव्या लेखकाला सांगतो. ग्रीसमधल्या डेलॉस बेटावरचे लोक सांगायचे की हायपरबोरियनांकडून गव्हाच्या काडात गुंडाळलेली काही पूजेची वस्तू येते, ते लोक शेजाऱ्यांना देतात, शेजारी त्यांच्या शेजाऱ्यांना, अशी हातोहात पुढे सरकत ती डेलॉसला पोचते. ज्यांनी पाठवली ते स्वतः आता कुणाला दिसत नाहीत, आणि काडाच्या आत काय आहे हेही हिरोडोटस सांगत नाही. कल्पित देश उभा करायला ही काडाची पेंढी पुरते, नकाशा लागत नाही.

स्मिथने हा देश साधारण ग्रीनलंडच्या जागी कल्पिला. शेवटचं हिमयुग यायच्या आधीचा, गरम, जंगलांनी गच्च, दक्षिणेला ताड आणि उत्तरेला बर्फाची रेघ, आणि ती रेघ दरवर्षी खाली सरकतेय. राजधानी आधी कॉमोरियम, मग ते ओसाड पडलं आणि एका दिवसाच्या वाटेवर उझुलदारूम वसलं. बस, एवढंच. पहिली कथा त्याने 1929 मध्ये लिहिली, शेवटची छापून आली 1958 मध्ये, म्हणजे जवळजवळ तीस वर्षांत दहाएक कथा. माणूस कॅलिफोर्नियातल्या ऑबर्न गावाबाहेर आईवडिलांबरोबर बांधलेल्या साध्या केबिनमध्ये राहायचा, औपचारिक शिक्षण आठवीपर्यंतचं, बाकी सगळं स्वतः वाचून, मूळचा कवी, फ्रेंच शिकून कवी बोदलेअरची भाषांतरं केलेला, फळं तोडणं, लाकडं फोडणं अशी कामं करून जगणारा. हे मुद्दाम सांगतोय, कारण त्याच्या कथांमध्ये कष्टकरी, धंदेवाईक माणसाचं जे तपशीलवार भान आहे ते मला त्याच्या जगण्यातून आलेलं वाटतं.

धंदा हा शब्द लक्षात ठेवा. स्मिथच्या माणसांची यादी काढा: चोर, जल्लाद, सावकार, न्यायाधीश, शिकारी, जवाहिरे. राजपुत्र नाही, निवडलेला वीर नाही. प्रत्येकाला आपला धंदा उत्तम येतो आणि त्या धंद्यावर त्याचा पूर्ण भरवसा आहे. कथा एवढंच करते की ज्याच्यावर हा धंदा चालत नाही असं काहीतरी त्याच्यासमोर आणून ठेवते.

जल्लादाची कथा घ्या. अथामॉस हा कॉमोरियमचा मुख्य जल्लाद, आपल्या हाताचा अभिमान असलेला, आता म्हातारा होऊन आठवण सांगतोय. डोंगरातला एक लुटारू पकडून आणतात, अंगावर केस नसलेला, ठिपके ठिपके असलेला, आईकडून त्साथोग्वाचा वंशज म्हणतात असा. अथामॉस त्याचं डोकं उडवतो, व्यवस्थित, एका घावात. पुरतात. दुसऱ्या दिवशी तो शहरात हजर आणि भर रस्त्यात माणूस खातोय. पुन्हा पकडतात, पुन्हा डोकं उडवतात, आता जास्त बंदोबस्तात पुरतात. पुन्हा हजर, आणि दर वेळी थोडा कमी माणूस, मान जिथे जोडली गेली तिथे काहीतरी चुकीचं. तिसऱ्यांदा तर त्याला आकारच राहत नाही, आणि शहर रिकामं होतं. एवढी मोठी राजधानी ओस का पडली, तर एक कायदेशीर शिक्षा लागू झाली नाही म्हणून. आणि हे सगळं आपण ऐकतो जल्लादाच्या तोंडून, ज्याचं दुःख शहर गेल्याचं तर आहेच, पण त्याहून जास्त, त्याचा घाव बरोबर बसला होता हे आहे. त्याने काही चूक केली नव्हती. तुम्ही विचार करा, आयुष्यभर एकच गोष्ट येते आणि ती बरोबर केल्यावरही उपयोग होत नाही. मला यात राक्षसापेक्षा जास्त भीती वाटते.

सावकाराची कथा तर आपल्याकडे कुणालाही लगेच कळेल. अवूझल वुथोक्वान, भिकाऱ्याला एक नाणं देत नाही, नंतर एक अनोळखी माणूस दोन मोठी पाचू घेऊन येतो, हा ती कमी पैशात पदरात पाडून घेतो, आणि ती पाचू मेजावरून आपणहून घरंगळायला लागतात, दाराबाहेर, रस्त्यावर, शहराबाहेर, आणि हा म्हातारा त्यांच्यामागे धावतोय. शेवटी एका गुहेत पोचतो जिथे रत्नांचा ढीग आहे, हा त्यात उडी घेतो, आणि रत्नं वाळूसारखी सरकतात, हा रुततो. मग गुहेचा मालक येतो. ती पाचू त्याची होती, चोरीला गेली होती, परत आली, सोबत हाही आला. इथे नीतिकथा आहे असं वाटतं, पण मालकाला नीतीशी देणंघेणं नाही, त्याला भूक लागलीय इतकंच.

आता तुमच्या वंशावळीबद्दल. तुम्ही अकरा राजे एका ओळीत, तारखांसह, विसंगती न ठेवता मांडलेत आणि कथेत पान दोन ते पान चार हेच सांगितलंत. कोनानच्या कथा लिहिणाऱ्या रॉबर्ट हॉवर्डनेही आपल्या कल्पित हायबोरियन युगाचा इतिहास निबंधासारखा लिहून ठेवला होता हे खरं, पण तो स्वतःच्या वापरासाठी, गोंधळ होऊ नये म्हणून. कथेत तो ओतला नाही. आणि स्मिथ तर याच्या उलट करतो. पहिल्या कथेत कॉमोरियम ओसाड का झालं तर शुभ्र सिबिल नावाच्या भविष्यवेत्तीच्या भाकितामुळे असं लोक सांगतात. पुढच्या जल्लादाच्या कथेत कारण वेगळंच निघतं. म्हणजे शहर नुसतं मेलं नाही तर ते का मेलं हेही लोक विसरले, एक सोयीची दंतकथा उरली, आणि खरं कारण माहीत असलेला एक म्हातारा जल्लाद कुठेतरी बसलाय ज्याचं कुणी ऐकत नाही. दोन कथा एकमेकींशी जुळत नाहीत म्हणून देश खरा वाटतो. आपल्याच गावाबद्दल दोन म्हातारी माणसं एकसारखं सांगतात का? तुमच्या वहीतली वंशावळ फाडू नका, पण कथेत तिच्यातला एकच राजा आणा आणि त्याच्याबद्दल दोन माणसांना दोन गोष्टी सांगू द्या.

माझी पहिली कथा अशीच परत आली होती, वहीभर राज्यं होती तिच्यात, आणि ज्या संपादकांनी ती परत केली त्यांनी समासात एकच वाक्य लिहिलं होतं, "तुमच्या देशात कुणी जेवत का नाही?" ते वाक्य मला फार लागलं, पण त्यानंतर मी एकही कथा अशी लिहिली नाही जिच्यात कुणी काही खात नाही, विकत नाही, दुरुस्त करत नाही.

प्रागैतिहासिक काळच का निवडायचा हा प्रश्न तुम्ही विचारला नाही, पण त्याचं उत्तर तुमच्याकडे नाही असं कथा वाचताना वाटत राहतं. तुमच्या कथा पाचशे वर्षांपूर्वीच्या राजवाड्यात घातल्या तरी फरक पडत नाही. हा काळ निवडण्याचं एक कारण असतं, की वाचकाला शेवट आधीच माहीत आहे. हे सगळं जाणार आहे. शहर, जल्लाद, सावकार, त्याचे देवसुद्धा, आणि इतकं पूर्णपणे जाणार आहे की एक खापरी उरणार नाही. हायपरबोरियात बर्फ हे मागचं दृश्य म्हणून येत नाही, ते एक पात्र आहे. एका कथेत राजा हालोर फौज आणि मोठा जादूगार घेऊन हिमनदीवर चाल करून जातो, तिला वितळवायला, आणि बर्फ त्यांना सगळ्यांना जागच्या जागी आत घेतं. पुढे एक शिकारी दोन जवाहिऱ्यांना घेऊन त्याच राजाच्या अंगावरची माणकं काढायला जातो, राजा बर्फाच्या भिंतीत उभा दिसतो, तसाच, दागिन्यांसकट. ते माणकं काढतात आणि परत निघतात आणि मग वाट बदलायला लागते. दुसऱ्या कथेत रलिम शायकोर्थ नावाचा पांढरा किडा हिमनगावर बसून समुद्रातून येतो आणि त्याचा थंड प्रकाश ज्या किनाऱ्यावर पडतो तिथली माणसं जिथे आहेत तिथे गोठतात. किड्याला बुबुळं नाहीत, खोबणीतून रक्तासारखे थेंब गळतात आणि त्यांचे खाली सुळके होतात. बर्फ हा हवामानातला बदल राहत नाही, कुणीतरी येतंय असं होतं.

आणि इथे आपला एक खरा धागा आहे जो तुम्हाला माहीत असेल पण तुम्ही या दिशेने बघितला नसेल. लोकमान्य टिळकांचं द आर्क्टिक होम इन द वेदाज, 1903, पुणे. स्मिथचं ते वाचन होतं असं मी म्हणत नाही, तसा काही दावा नाही. पण टिळकांनी काय मांडलं बघा, की हिमयुगाआधी उत्तर ध्रुवाजवळचा प्रदेश राहण्यासारखा उबदार होता, वैदिक लोकांचे पूर्वज तिथे राहायचे, ऋग्वेदातल्या उषेच्या सूक्तांमधली लांबलचक पहाट ही ध्रुवावरची कित्येक दिवस चालणारी पहाट आहे, आणि मग बर्फ आलं. त्यासाठी त्यांनी पारशांच्या अवेस्ता या धर्मग्रंथातल्या वेंदिदादचा आधार घेतला, जिथे ऐर्यन वेजो नावाच्या पहिल्या चांगल्या भूमीवर अंग्रमैन्यू ही दुष्ट शक्ती हिवाळा पाठवते, दहा महिने हिवाळा आणि दोन महिने उन्हाळा. त्याआधी 1885 मध्ये अमेरिकेत बॉस्टनच्या वॉरन यांनी ध्रुव हेच मानवाचं मूळ नंदनवन असं पुस्तक लिहिलं होतं, टिळकांनी त्याचाही उल्लेख केलाय. आजचे अभ्यासक हा सिद्धांत मानत नाहीत, आणि तो खरा म्हणून विकणाऱ्या पोस्टींपासून लांबच राहा. पण त्या एका कालखंडात, पुण्यात आणि बॉस्टनमध्ये, वेगवेगळी माणसं एकाच गोष्टीने झपाटली होती की आता जिथे फक्त बर्फ आहे तिथे कधीतरी माणसाचं घर होतं. मला उषासूक्तं त्या नजरेने वाचताना नेहमी हेच वाटतं, की इतक्या आर्जवाने पहाटेला ये म्हणणारी माणसं ती न येण्याची शक्यता धरून बसली आहेत.

ग्रीनलंड खरंच हिरवं होतं, फक्त माणसाच्या फार आधी. उत्तर ग्रीनलंडच्या काप कोबेनहाव्न इथल्या मातीतून जवळपास 20 लाख वर्षांपूर्वीचा डीएनए काढला, 2022 च्या डिसेंबरमध्ये ते प्रसिद्ध झालं, त्यात बर्च आणि पॉप्लरची झाडं, रेनडिअर, ससे, आणि मॅस्टोडॉन म्हणजे हत्तीचा नामशेष झालेला नातेवाईक. असं जंगल आज पृथ्वीवर कुठेही नाही. स्मिथच्या उब्बो-साथला कथेतला स्फटिक ग्रीनलंडच्या बर्फाखाली मायोसीन थरात सापडलेला असतो, मायोसीन म्हणजे 2 कोटी 30 लाख ते 53 लाख वर्षांपूर्वीचा काळ. लंडनच्या एका जुन्या वस्तूंच्या दुकानात एक माणूस तो विकत घेतो, त्यात बघता बघता तो हायपरबोरियातला एक मांत्रिक होतो, आणि तो मांत्रिक आणखी मागे जातो, योद्धा होतो, रानटी होतो, पशू होतो, सरपटणारं काहीतरी होतो, आणि शेवटी ज्या चिखलातून सगळं जिवंत निघालं आणि ज्यात परत जाणार त्या चिखलात पोचतो. ज्ञान शोधायला निघाला होता, तिथे पोचल्यावर ज्ञान ठेवायला डोकंच उरलेलं नसतं. काळाची खोली अशी दाखवायची असते, आकडे न देता, एकेक पायरी उतरवत.

तुमचा देश तुम्ही बर्फाचा केलाय, करा, पण मला विचाराल तर बर्फ आपल्या हाडात नाही. आपल्या पायाखाली काय आहे, तर काळा कातळ, सुमारे 6 कोटी 60 लाख वर्षांपूर्वी थरावर थर वाहत आलेला लाव्हा. कोकणात जा, रत्नागिरी-सिंधुदुर्गच्या सड्यांवर, म्हणजे उघड्या कातळपठारांवर, जांभ्यात कोरलेली कातळशिल्पं बघा. कशेळीचा हत्ती साधारण 18 मीटर लांब आहे, उभ्या माणसाला तो पूर्ण दिसतच नाही, आणि त्याच्या पोटात इतर प्राणी कोरलेत. काही सड्यांवर गेंडा आणि पाणघोडा म्हणून ओळखली गेलेली चित्रं आहेत, आज कोकणात दोन्ही नाहीत. कुणी कोरली, कशासाठी, नाव काय त्या लोकांचं, काही नाही. मी तिथे भर दुपारी उभा होतो, गवत पिवळं पडलेलं, आणि एवढंच डोक्यात येत होतं की हे वरून बघायला काढलंय, आणि वर कुणी नव्हतं. तिथून मला दोन कथा मिळाल्या.

भाषेबद्दल थोडं बोलतो कारण मालिकेसारखं वाटतं ही तक्रार निम्मी तिथून येते. तुम्ही सगळ्यांची नावं संस्कृत ठेवलीत, रुद्रकेतू, हिमाग्नी, महाकालेश. संस्कृत नाव आलं की वाचकाच्या डोक्यात पुराण सुरू होतं, आणि पुराणात देव नवसाला पावतो. नावं लहान, घासलेली, अर्थ न लागणारी ठेवा, जशी जुन्या गावांची असतात, ज्यांचा अर्थ गावातल्या लोकांनाही सांगता येत नाही. दुसरं, काळ मोडणारे शब्द. मिरची, बटाटा, तंबाखू पोर्तुगीजांबरोबर आले हे सगळ्यांना माहीत असतं, पण पगार, चावी, बादली, घमेलं हेही तिकडूनच आलेत, आणि तुमच्या राजाचा सैनिक पान पाचवर पगार घेतो. दरवाजा, हवा, जमीन हे फारसी-अरबीतून आलेले आहेत पण ते मी काढत नाही, ते कानाला परके लागत नाहीत आणि ते काढले तर भाषा लंगडी होते. मिनिट आणि तास मात्र काढाच. आणि अक्राळविक्राळ, महाभयंकर, अवर्णनीय हे शब्द तुमच्या तिसऱ्या कथेत मी मोजले, एकूण चौदा. घाबरलेला माणूस विशेषणं वापरत नाही, तो वस्तू सांगतो.

तुमच्या कथेची सुरुवात आहे, "अनादि काळापासून समुद्रतळी निद्रिस्त असलेला महाकाय देव त्या रात्री जागृत झाला." त्याऐवजी मी तुमच्याच बंदरातलं एक माणूस घेतो, तुमच्या पान सातवर तो एका ओळीत येऊन जातो, खाडीची खोली मोजणारा. वाव म्हणजे दोन्ही हात पसरल्यावर होणारं माप, सुकती म्हणजे ओहोटी. बघा असं:

रोज सुकती लागली की तो दगड बांधलेली दोरी खाडीच्या तोंडाशी सोडायचा. बारा वाव. बापाच्या वेळीही बारा, बापाने त्या जागी दोरीला लाल चिंधी बांधलेली. त्या दिवशी चिंधी पाण्यात गेली आणि दोरी थांबली नाही. त्याने होडीतली दुसरी दोरी जोडली, मग जाळ्याची दोरी जोडली. तीस वावांवर दगड टेकला. वर ओढताना पहिल्या बारा वावांची दोरी ओली होती, हात गार पडत होते. त्याच्या खालची अठरा वाव कोरडी होती. कोरडी आणि किंचित कोमट, उन्हात वाळत घातलेल्या दोरीसारखी. त्याने दगड हुंगला. मग तो बंदराच्या मुकादमाकडे गेला, आणि मुकादमाने विचारलं, दोरी कुणाची वापरलीस?

इथे देव नाही, कुणी मेलं नाही. पण या माणसाला एक काम येतं, ते त्याने बरोबर केलं, आणि त्याच्या कामाने त्याला असं उत्तर दिलं जे तो कुणालाही देऊ शकत नाही. दुसऱ्या दिवशी परत बारा वाव लागू द्या. तिसऱ्या दिवशी अकरा. मुकादमाला काळजी बारा-अकराची पडेल कारण गलबतं अडकतील. कोरड्या दोरीबद्दल फक्त हाच विचार करत बसेल, आणि रात्री बायको विचारेल की जेवत का नाहीस. पुढे काय होतं ते मी सांगणार नाही, ती कथा तुमची आहे.

शेवटाबद्दल तुम्ही वेगळं विचारलं होतं, की सगळे मेले पाहिजेत का. नाही. स्मिथच्या पहिल्याच हायपरबोरिया कथेत चोर सताम्प्रा झेइरॉस पहिल्या वाक्यात सांगतो की मी हे डाव्या हाताने लिहितोय कारण दुसरा हात उरला नाही. म्हणजे तो वाचला हे कळलं, काय गमावलं तेही कळलं, आणि तरीही आपण वाचत जातो. तो आणि त्याचा जोडीदार टिरूव्ह ओम्पालिओस ओसाड कॉमोरियममध्ये त्साथोग्वाच्या देवळात चोरी करायला जातात, तिथे काशाच्या मोठ्या पात्रात काळं दाट काहीतरी असतं, ते उठतं, हे पळतात, रात्रभर जंगलात पळून पळून पहाटे बघतात तर परत त्याच देवळापाशी. आत लपतात. मूर्तीच्या मागे एकाच माणसापुरती जागा असते, म्हणून जोडीदार त्या रिकाम्या पात्रात लपतो. ते काळं दाट दारावरून आत येतं, आणि आपल्या जागेवर, म्हणजे पात्रात, परत जातं. एवढंच. ते घरी आलं होतं. मूर्तीमागची जागा दोघांना पुरली असती तर, हा विचार तो एकहाती माणूस उरलेलं आयुष्य करत राहणार.

हा त्साथोग्वा स्मिथचा मित्र, भयकथाकार लव्हक्राफ्टला इतका आवडला की त्याने तो स्वतःच्या कथेत घेतला आणि ती कथा ऑगस्ट 1931 मध्ये छापून आली, स्मिथची मूळ कथा आली त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये, कारण संपादकाने ती आधी नाकारली होती. तुमची कथा परत आली म्हणून तुम्ही खचला आहात असं पत्रावरून वाटलं, म्हणून हे सांगतोय. पांढऱ्या किड्याची कथा तर 1933 मध्ये लिहून 1941 पर्यंत पडून होती. 

तर आधी तिसरी कथा बाजूला ठेवा आणि त्या खोली मोजणाऱ्याची लिहा, दहा पानांच्या आत, एकही राजा न आणता. देवाचं नाव द्यायचंच असेल तर ते मुकादमाच्या तोंडी शिवीसारखं येऊ द्या, त्याहून जास्त नको. झाली की पाठवा, मी वाचतो.